मुक्त ऊर्जा आणि मोफत वीज

‘मुक्त ऊर्जा’ ही संज्ञा मराठी वाचकापुढे आज दोन निराळ्या वाटांनी येते. महाविद्यालयातील रसायनशास्त्राच्या पुस्तकात ती ऊष्मागतिकीच्या, म्हणजे उष्णता आणि कार्य यांचा परस्परसंबंध सांगणाऱ्या शास्त्राच्या, प्रकरणात भेटते आणि तेथे तिचा अर्थ काटेकोर व मोजता येण्याजोगा असतो. मोबाइलवर फिरणाऱ्या चित्रफितींत मात्र तीच संज्ञा ‘फ्री एनर्जी’ या इंग्रजी वेशात येते आणि तेथे तिचा अर्थ इंधनावाचून, बिलावाचून, कायमची फुकट मिळणारी शक्ती असा केला जातो. या दोन अर्थांची सरमिसळ केवळ शब्दापुरती राहिली असती तर तिच्याकडे दुर्लक्ष करता आले असते. परंतु तिच्या आधाराने यंत्रे विकली जातात, लोकांचे पैसे बुडतात, आणि त्याहून गंभीर गोष्ट ही की, वीज कोठून येते व तिची किंमत कोण मोजतो हा प्रश्नच नजरेआड होतो. पनवेलच्या आसपासचा प्रदेश हे दोन्ही अर्थ समजून घेण्यासाठी फार सोयीचा आहे, कारण खोपोलीचे जलविद्युत केंद्र, उरणचे वायुविद्युत केंद्र, खाडीकाठची मिठागरे आणि नव्या वसाहतींच्या गच्चीवरील सौर पॅनेल ही सगळी येथून साधारण पन्नास किलोमीटरच्या आत सापडतात.

शास्त्रीय अर्थ ध्यानात येण्यासाठी प्रथम एक गोष्ट मान्य करावी लागते, ती म्हणजे जगात ऊर्जेचा तुटवडा कधीच नसतो. ऊर्जा निर्माण होत नाही व नष्टही होत नाही, ती केवळ रूप बदलते, हा ऊष्मागतिकीचा पहिला नियम शाळेतच शिकवला जातो. एकट्या अरबी समुद्राच्या पाण्यात साठलेली उष्णता इतकी प्रचंड आहे की तिच्यापुढे साऱ्या महाराष्ट्राची विजेची गरज नगण्य ठरावी. तरीही किनाऱ्यावर त्या उष्णतेच्या बळावर एक दिवादेखील लावता येत नाही, कारण समुद्राचा पृष्ठभाग, हवा आणि किनारा जवळपास एकाच तापमानाला असतात आणि उष्णतेपासून काम करून घ्यायचे तर तिला उष्ण ठिकाणाकडून थंड ठिकाणाकडे वाहण्यास वाव असावा लागतो. फ्रेंच अभियंता सादी कार्नो याने १८२४ साली वाफेच्या इंजिनाचा विचार करताना हे प्रथम स्पष्ट केले. पुढे १८६५ मध्ये जर्मन शास्त्रज्ञ रूडोल्फ क्लॉसियस याने ‘एंट्रॉपी’ ही राशी नावारूपाला आणली. ऊर्जा किती विखुरली गेली आहे याचे माप म्हणजे एंट्रॉपी, असे ढोबळपणे म्हणता येईल. कोणत्याही आपोआप घडणाऱ्या घटनेत वस्तू आणि तिचा परिसर मिळून ही राशी वाढतच जाते, हा दुसरा नियम आहे.

या दोन नियमांना एकत्र बांधणारी राशी म्हणजे मुक्त ऊर्जा. अमेरिकेतील येल विद्यापीठाचे प्राध्यापक जोसाया विलर्ड गिब्ज यांनी १८७६ ते १८७८ या काळात प्रसिद्ध केलेल्या प्रदीर्घ निबंधात तिचा गणिती पाया घातला, मात्र ‘मुक्त’ हे विशेषण त्यांचे नव्हे. ते जर्मन शास्त्रज्ञ हेरमान फॉन हेल्महोल्ट्झ यांनी १८८२ मध्ये वापरले आणि त्याच्या जोडीला ‘बद्ध’ ऊर्जा ही कल्पनाही मांडली. एखाद्या पदार्थसमूहातील ऊर्जेचा जो भाग हव्या त्या कामाकडे वळवता येतो तो मुक्त, आणि जो उष्णतेच्या रूपात विखुरलेलाच राहतो, ज्याला कामाला जुंपता येत नाही, तो बद्ध. या विशेषणात किमतीचा विचार कोठेच नाही. गिब्जच्या सूत्रानुसार, ठरावीक तापमान व दाब असताना, एन्थाल्पी नावाच्या एकूण उष्णता-संचयातून तापमान आणि एंट्रॉपी यांचा गुणाकार वजा केला की मुक्त ऊर्जा मिळते. नोकरदाराचा कागदावरचा पगार आणि कपाती जाऊन त्याच्या हाती पडणारी रक्कम यांत जो फरक असतो, तसाच काहीसा हा फरक आहे. रसायनशास्त्रज्ञांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने पुढे ‘मुक्त’ हा शब्द गाळून नुसते ‘गिब्ज ऊर्जा’ म्हणावे अशी शिफारस केली, पण पाठ्यपुस्तकांतून आणि अध्यापकांच्या तोंडून जुने नाव काही गेलेले नाही, आणि ते गेले नाही हे एका दृष्टीने बरेच झाले, कारण ‘कामासाठी मोकळी’ हा मूळ अर्थ त्या नावातच जिवंत राहिला आहे.

एक उदाहरण आकड्यांत पाहता येते. दोन ग्रॅम हायड्रोजनचा ऑक्सिजनशी संयोग होऊन पाणी बनते तेव्हा सुमारे २८६ किलोज्यूल ऊर्जा बाहेर पडते. परंतु २५ अंश सेल्सिअस तापमानाला हीच क्रिया इंधन घटात घडवून आणली, तर तिच्यातून वीज म्हणून जास्तीत जास्त २३७ किलोज्यूल मिळू शकतात. उरलेले ४९ किलोज्यूल उष्णता म्हणून सोडावेच लागतात, आणि यंत्र कितीही निर्दोष बनवले तरी ही वजावट टळत नाही. येथे दोष कारागिरीचा नसून मर्यादा निसर्गनियमाची आहे, आणि ती किती हे आधीच सांगता येणे हेच गिब्जच्या सूत्राचे मोठेपण आहे.

खोपोलीच्या केंद्राकडे या दृष्टीने पाहिले म्हणजे त्याची थोरवी नव्याने जाणवते. टाटा जलविद्युत कंपनीची स्थापना १९१० साली झाली, लोणावळ्याच्या पठारावर लोणावळा, वळवण आणि शिरवटा येथे पाणी अडवण्यात आले, आणि फेब्रुवारी १९१५ मध्ये या केंद्रातील वीज मुंबईच्या कापड गिरण्यांकडे जाऊ लागली. पठारावर साठलेले पावसाचे पाणी पोलादी नळांतून घाट उतरून सुमारे ५०० मीटर खाली येते. पायथ्याशी ते अरुंद तोंडातून बाहेर पडते तेव्हा त्या झोताचा वेग सेकंदाला १०० मीटरच्या आसपास, म्हणजे ताशी साडेतीनशे किलोमीटरच्या घरात पोहोचतो. हा झोत पेल्टन चक्राच्या कडेला बसवलेल्या जोडवाट्यांवर आदळतो; प्रत्येक वाटीच्या मधोमध एक धारदार कणा असतो, त्यावर झोत दुभंगतो, दोन्ही बाजूंच्या खोलगट भागांतून वळसा घेतो आणि जवळजवळ उलट दिशेने बाहेर फेकला जातो. चक्राचा वेग झोताच्या वेगाच्या साधारण निम्मा ठेवलेला असल्याने वाटीतून सुटणाऱ्या पाण्याला स्वतःचा वेग फारसा उरत नाही आणि ते निमूटपणे खालच्या कालव्यात पडते. पाणी असे निस्तेज होऊन पडणे हीच यंत्र नीट चालल्याची खूण होय, कारण त्याच्याजवळ होती ती गती चक्राने काढून घेतलेली असते.

उंचावरील पाण्याची ही स्थितिज ऊर्जा जवळपास सगळीच्या सगळी ‘मुक्त’ असते, तिच्यात विखुरलेपणाची वजावट नसते. म्हणून जलविद्युत केंद्रे तिचा ८५ ते ९० टक्के भाग विजेत बदलू शकतात. उष्णतेवर चालणाऱ्या केंद्राला हे साधत नाही. पाण्याची वाफ ५४० अंश सेल्सिअसला तापवली आणि परिसर ३० अंशांचा असला, तर कार्नोच्या नियमानुसार उष्णतेचा कमाल ६३ टक्के भाग कामात रूपांतरित होऊ शकतो, आणि प्रत्यक्षातील केंद्रे याहूनही बरीच मागे राहतात. उरणच्या वायुविद्युत केंद्रात ही मर्यादा ओळखूनच एक सुज्ञ उपाय योजलेला आहे. तेथील चार गॅस टर्बाइन प्रत्येकी १०८ मेगावॉटची आहेत. त्यांतून बाहेर पडणारे वायू खूप तप्त असतात, म्हणजे त्यांच्यात कामाला लावता येण्याजोगा अंश अजून शिल्लक असतो, आणि म्हणून त्यांच्यावर वाफ तयार करून प्रत्येकी १२० मेगावॉटची आणखी दोन टर्बाइन चालवली जातात. केंद्राच्या ६७२ मेगावॉट क्षमतेपैकी २४० मेगावॉट अशा रीतीने, जादा इंधन न जाळता, आधीच्या उष्णतेतून येतात. रोजच्या भाषेत याला कोणी ‘फुकटची वीज’ म्हणेल. शास्त्राच्या भाषेत ती आधी वाया जाणारी मुक्त ऊर्जा आहे, आणि तिच्यासाठी बॉयलर, टर्बाइन व माणसे यांचा खर्च करावाच लागला आहे.

खोपोलीच्या बाबतीत आणखी एक हिशेब करण्यासारखा आहे. गच्चीवर असते तशी १००० लिटरची एक टाकी भरून पाणी ५०० मीटर खाली सोडले, तर त्यातून जेमतेम सव्वा युनिट वीज मिळते. हेच १००० लिटर पाणी समुद्रातून वाफ करून वर नेण्यासाठी सूर्याने मात्र सुमारे ६८० युनिटांइतकी उष्णता खर्च केलेली असते. त्यातील बहुतेक सगळी उष्णता ढग बनताना उंच हवेत विखुरते, आणि डोंगरमाथ्यावर पडलेल्या पावसात तिचा अगदी अल्पसा अंश उंचीच्या रूपाने उरतो. सह्याद्रीवर चार महिने धो-धो कोसळणारा पाऊस पाहून ऊर्जेच्या विपुलतेची जी कल्पना मनात येते, ती या आकड्यांपुढे बदलते.

हे पाणी खोपोलीला थांबत नाही. केंद्रातून सुटलेले पाणी पाताळगंगा नदीत जाते, रसायनीच्या औद्योगिक पट्ट्याला पुरते, पनवेल आणि न्हावा-शेवा परिसराच्या पाणीपुरवठ्यासाठीही या नदीतून उचलले जाते, आणि उरलेले धरमतरच्या खाडीमार्गे समुद्राला मिळते. समुद्रसपाटीला आलेल्या पाण्यात आता काही राम उरला नाही असे कोणालाही वाटेल, परंतु तसे नाही. गोडे पाणी खाऱ्या पाण्यात मिसळते तेव्हाही मुक्त ऊर्जा कमी होते, कारण मिसळल्याने एंट्रॉपी वाढते. १००० लिटर गोडे पाणी भरपूर समुद्रजलात मिसळताना जितकी मुक्त ऊर्जा निसटते तितकी ते पाणी सुमारे २७० मीटर उंचीवरून पडल्याने मिळाली असती. म्हणजे खोपोलीच्या उतारानंतर, त्याच्या निम्म्याहून अधिक उंचीचा आणखी एक न दिसणारा धबधबा खाडीच्या मुखाशी आहे. नॉर्वेतील स्टॅटक्राफ्ट या कंपनीने २००९ मध्ये टॉफ्टे येथे या तत्त्वावर एक छोटे प्रायोगिक केंद्र सुरू केले होते, पण गोडे व खारे पाणी वेगळे ठेवणारे पातळ पडदे पुरेसे कार्यक्षम आणि स्वस्त होईनात, तेव्हा काही वर्षांतच ते बंद करावे लागले. ऊर्जा मुक्त असली तरी ती पदरात पाडून घेणे परवडेलच असे नाही, याचा याहून स्वच्छ दाखला सापडणे कठीण.

खाडीकाठचे आगरी समाजातील लोक पिढ्यान् पिढ्या याच क्रियेची उलट बाजू हाताळत आले आहेत. पनवेल, उरण आणि पेण या तालुक्यांच्या किनारपट्टीत भरतीचे पाणी बांध घालून अडवायचे, उथळ वाफ्यांतून फिरवायचे आणि उन्हावर सोडून द्यायचे, म्हणजे मीठ खाली बसते, हा मिठागराचा व्यवसाय. मिठाचा खडा पाण्यात टाकला की तो आपोआप विरघळतो, आणि विरघळताना पाणी किंचित थंडही होते. म्हणजे बाहेर उष्णता न टाकता, उलट ती आत ओढून घेऊन ही क्रिया घडते. उष्णता बाहेर टाकणाऱ्या क्रियाच आपोआप घडतात असा समज एकोणिसाव्या शतकात काही रसायनशास्त्रज्ञांचा होता, तो या साध्या खड्याने खोटा पडतो. मीठ विरघळते याचे कारण विखुरल्याने एंट्रॉपी वाढते आणि मुक्त ऊर्जा कमी होते. तेच मीठ पुन्हा पाण्यापासून वेगळे करायचे तर गमावलेली मुक्त ऊर्जा परत द्यावी लागते, आणि ती देणारा सूर्य असतो. नवी मुंबई आणि न्हावा-शेवा बंदर उभे राहिल्यावर यातील पुष्कळ मिठागरे नाहीशी झाली, आणि त्यांच्याबरोबर ऊन, वारा व भरती यांचा अचूक अंदाज घेणारे एक जाणते कसबही ओसरले, ही हळहळ वाटण्यासारखी गोष्ट आहे.

आता दुसरा, व्यवहारातला अर्थ. ‘मोफत वीज’ हा शब्दप्रयोग सरकारी योजनांच्या नावांतच आलेला आहे. फेब्रुवारी २०२४ मध्ये केंद्र सरकारने ‘पीएम सूर्यघर मुफ्त बिजली योजना’ जाहीर केली. एक कोटी घरांच्या छपरांवर सौर संच बसवण्याचे तिचे उद्दिष्ट असून दोन किलोवॉटपर्यंत प्रत्येक किलोवॉटला ३० हजार रुपये आणि तीन किलोवॉट वा त्याहून मोठ्या संचाला ७८ हजार रुपये अनुदान आहे. त्याच वर्षी महाराष्ट्र सरकारने साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या कृषिपंपांसाठी ‘मुख्यमंत्री बळीराजा मोफत वीज योजना’ आणली. या दोन योजनांत ‘मोफत’ शब्दाचे अर्थही एकसारखे नाहीत. पहिलीत ग्राहक स्वतः भांडवल घालतो, सरकार त्यातला काही भार उचलते, आणि पुढे ऊन वीज देते; दुसरीत वीज नेहमीच्याच केंद्रांतून येते, तिचा खर्च झालेलाच असतो, फक्त शेतकऱ्याचे बिल शासन वीज कंपनीला भरते. दोन्ही योजनांची सामाजिक गरज समजण्यासारखी आहे, परंतु दोहोंतही किंमत नाहीशी होत नाही, ती दुसऱ्या खात्यावर मांडली जाते.

सूर्यप्रकाशाबद्दल एक गोष्ट आवर्जून सांगायला हवी. सूर्याचा पृष्ठभाग साडेपाच हजार अंश सेल्सिअस एवढा तप्त असल्याने त्याच्या प्रकाशातील बहुतांश ऊर्जा तत्त्वतः मुक्त असते, म्हणजे समुद्राच्या कोमट उष्णतेहून तिची प्रत फारच वरची आहे. या अर्थाने सौर ऊर्जा शास्त्रीयदृष्ट्याही मुक्त आहे आणि ऊन विकत घ्यावे लागत नाही म्हणून व्यवहारातही मोकळी आहे. दोन्ही अर्थ जवळपास येतात ते येथेच. तरीही आजची सर्वसाधारण पॅनेल तिच्या पाचव्या हिश्श्याच्या आसपासच वीज करतात. कोकणच्या पावसाळ्यात ढगांमुळे उत्पादन बरेच घटते, आणि नेट मीटरने दिलेल्या-घेतलेल्या युनिटांची वजाबाकी झाली तरी बिलातील स्थिर आकार भरावाच लागतो. पॅनेल बसवणे पनवेलसारख्या ठिकाणी हिताचे आहे यात शंका नाही, मात्र ते ‘शून्य बिल’ या जाहिरातीवर विसंबून न करता वर्षाच्या बारा महिन्यांचा हिशेब मांडून करावे.

किमतीचा प्रश्न पैशांपुरताच मर्यादित नसतो, हे टाटांच्या तिसऱ्या जलविद्युत प्रकल्पाने दाखवून दिले. भिरा येथील केंद्रासाठी मुळशीला धरण बांधायचे ठरले तेव्हा निळा आणि मुळा नद्यांच्या खोऱ्यातील मावळ्यांची गावे व भातशेती पाण्याखाली जाणार होती. त्याविरुद्ध एप्रिल १९२१ मध्ये मुळशी सत्याग्रह सुरू झाला, पांडुरंग महादेव बापट यांनी त्याचे नेतृत्व केले आणि ‘सेनापती’ ही पदवी त्यांना याच लढ्यातून मिळाली. धरण अखेर झाले, भिऱ्याची वीज १९२७ पासून मुंबईला मिळू लागली. कोळसा न जाळता, धूर न करता मिळणाऱ्या या विजेला मुंबईकरांनी स्वस्त मानले असेल, परंतु तिची किंमत ज्यांनी मोजली ते शेतकरी ती वीज वापरणाऱ्यांत नव्हते. पाण्याची ऊर्जा शास्त्राने मुक्त ठरवली म्हणून तिच्यासाठी बुडालेली जमीन फुकट ठरत नाही, आणि हा विचार त्या काळी सत्याग्रहींनी ज्या ठामपणे मांडला तो आजच्या प्रकल्पांच्या चर्चेतही तितकाच लागू आहे.

काहीही खर्च न करता अखंड चालणाऱ्या यंत्राचे स्वप्न मात्र फार जुने आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली रचलेल्या ‘सिद्धान्तशिरोमणि’ या ग्रंथात, पोकळ आऱ्यांमध्ये पारा भरलेल्या आणि आपोआप फिरत राहणाऱ्या चक्राचे वर्णन आहे. उष्णता, कार्य आणि घर्षण यांचे नियम माहीत नसलेल्या काळात अशी कल्पना सुचणे हे प्रतिभेचेच लक्षण मानले पाहिजे. पारा एका बाजूला सरकतो तेव्हा ते चक्र वळेल हे खरे, पण पूर्ण फेरीत त्याला एका बाजूने जितके बळ मिळते तितकेच दुसऱ्या बाजूने गमवावे लागते आणि घर्षण त्यात उणे करत राहते. पुढे पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ मध्ये सतत-गती यंत्रांचे दावे यापुढे तपासायचेच नाहीत असा निर्णय घेतला. आज चित्रफितींतून दिसणारी ‘फ्री एनर्जी’ यंत्रे, ज्यांत मोटर जनित्राला फिरवते आणि जनित्र मोटरला वीज देऊन शिवाय घरातला पंखाही चालवते असे दाखवतात, ती त्याच चक्राची वंशज आहेत. फरक एवढाच की भास्कराचार्यांना नियम ठाऊक नव्हते, आणि ही यंत्रे विकणाऱ्यांना ते ठाऊक करून घेण्याची इच्छा नसते. लोहचुंबक लावले तरी यात बदल होत नाही, कारण चुंबकाचे क्षेत्रही एका पूर्ण फेरीत देते तेवढेच परत घेते.

खऱ्या अभियांत्रिकीची दिशा नेमकी उलटी आहे, आणि तीही या परिसरातच पाहता येते. भिरा येथे १५० मेगावॉटचा एक उदंचन संच आहे. विजेची मागणी कमी असते तेव्हा तो खालचे पाणी वर चढवतो आणि मागणी वाढली की तेच पाणी खाली सोडून वीज करतो. अशा संचांत चढवताना घातलेल्या विजेपैकी साधारण तीन चतुर्थांश ते चार पंचमांश वीजच परत मिळते. युनिटांच्या हिशेबात हा उघड तोटा असूनही तो जाणूनबुजून सोसला जातो, कारण दुपारच्या नको असलेल्या विजेपेक्षा संध्याकाळच्या गरजेच्या विजेचे मोल जास्त असते. गच्चीवरील आणि माळरानांवरील सौर वीज वाढत चालली तशी ही गरजही वाढली, आणि ऑगस्ट २०२३ मध्ये टाटा पॉवर व महाराष्ट्र शासन यांच्यात शिरवटा येथे १८०० आणि भिवपुरी येथे १००० मेगावॉटच्या उदंचन प्रकल्पांसाठी करार झाला.

यापुढे कोणी ‘फ्री एनर्जी’ यंत्र विकायला आले, तर वाचकांनी पैसे देण्यापूर्वी एवढेच मागावे की ते यंत्र भिंतीतील प्लगपासून तोडून, त्यातील बॅटरी काढून, घराबाहेर मोकळ्या जागी ठेवावे आणि मीटर लावून १०० वॉटचा एक दिवा सलग तीन दिवस चालवून दाखवावा.